हॉल तिकीट अडवलं तर काय करायचं: हजेरी, एटीकेटी आणि हायकोर्टातली याचिका, पहिल्यांदाच जाणाऱ्यांसाठी

परीक्षा तोंडावर आली की कॉलेजच्या बोर्डावर डिफॉल्टर लिस्ट, म्हणजे हजेरी कमी पडलेल्या मुलांची यादी, लागते आणि त्याच संध्याकाळी पोरं वकील शोधायला लागतात. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये असं घरात सगळ्यांनीच ऐकलेलं असतं, त्यामुळे आईवडील आधीच घाबरलेले, मित्र सांगतात की अरे स्टे (कोर्टाची तात्पुरती स्थगिती) मिळतो लगेच, आणि कॉलेजचा क्लार्क म्हणतो की काही होत नाही, वर्ष गेलं समज. यातलं कुणाचंच पूर्ण बरोबर नसतं, म्हणून हे सविस्तर लिहितोय.

एक गोष्ट आधी डोक्यात पक्की करा. तुमचं वर्ष वाया जातंय या एकट्या कारणावर कोर्ट हलत नाही. नियम करणाऱ्याला तो करायचा अधिकार होता का, कॉलेजने स्वतः तो नियम नीट पाळला का, सगळ्यांना सारखा लावला का आणि तुमचं म्हणणं ऐकून घेतलं का, एवढं कोर्ट बघतं. या प्रश्नांची उत्तरं कागदावर असतील तर केस उभी राहते, आणि ते कागद सुनावणीच्या दिवशी तयार होत नाहीत, आधीच जमवावे लागतात.

आधी तुम्हाला नेमकं कशामुळे अडवलंय ते शोधा

"इलिजिबल नाही" हा एकच शब्द सगळीकडे वापरतात पण त्याच्या मागे चार-पाच वेगवेगळ्या गोष्टी असू शकतात. हजेरी कमी, टर्म ग्रँट (सत्र पूर्ण केल्याची कॉलेजची मंजुरी) नाही, एटीकेटीच्या (राहिलेले विषय सोबत घेऊन पुढच्या वर्षाला जायची सवलत) नियमात बसत नाही म्हणजे मागचे विषय जास्त राहिलेत, इंटर्नलला पासिंग नाही, किंवा दुसऱ्या बोर्डातून आलात म्हणून विद्यापीठाच्या पात्रता विभागाने पीआरएनच (विद्यापीठाचा कायम नोंदणी क्रमांक) अडवलाय. फी थकलीय म्हणून हॉल तिकीट दिलं नसेल तर तो वेगळा मामला आहे, इथे तो धरत नाही.

कारण लेखी मागा. तोंडी सांगितलेल्या कारणाला आव्हान देणं अवघड जातं, आणि नंतर कॉलेज कोर्टात भलतंच कारण सांगतं.

मग तो नियम कुणाचा आहे ते बघा. सगळ्यात वर संसद आणि विधिमंडळाचे कायदे आणि केंद्रीय संस्थांचे नियम, त्याखाली विद्यापीठाचे परिनियम, अध्यादेश आणि कुलगुरूंचे निर्देश, आणि सगळ्यात खाली कॉलेजचं प्रॉस्पेक्टस आणि नोटिसा. लॉ करत असाल तर बार कौन्सिलचे २००८ चे शिक्षण नियम लागतात, त्यातला नियम १२ सांगतो की प्रत्येक विषयात ७० टक्के हजेरी पाहिजे, पण काही अपवादात्मक कारण असेल आणि त्या विषयात ६५ टक्के आणि सगळे विषय मिळून ७० टक्के भरत असतील तर प्राचार्य परवानगी देऊ शकतात. एमबीबीएसला थिअरीला ७५ आणि प्रॅक्टिकलला ८० टक्के. बीए, बीकॉम, बीएससीला बहुतेक ठिकाणी विद्यापीठाच्या अध्यादेशातले ७५ टक्के. हा अध्यादेश विद्यापीठाच्या वेबसाईटवर सर्क्युलरच्या ढिगाऱ्यात असतो, शोधा, पूर्ण वाचा, विशेषतः सूट द्यायचा अधिकार कुणाला, किती टक्क्यांपर्यंत आणि यादी किती दिवस आधी लावायची हे. स्वायत्त कॉलेज असेल तर त्यांचे स्वतःचे परीक्षा नियमही बघायला लागतील. विद्यापीठाने जे सांगितलंय त्याच्या पलीकडे जाऊन संलग्न कॉलेजने स्वतःच्या नोटिशीने काही जास्तीची अट घातली असेल तर कॉलेजची सगळ्यात कच्ची बाजू तीच असते, आव्हान तिथेच द्या.

हजेरीचा हिशोब स्वतः करा

हे काम सगळ्यात कंटाळवाणं आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचं, कारण खूप प्रकरणं कोर्टापर्यंत न जाता इथेच सुटू शकतात. कॉलेज फक्त एक टक्केवारी दाखवतं. तुम्ही विषयवार मागायचं, किती लेक्चर झाली, त्यातली किती तुम्ही बसलात, कोणत्या तारखेला.

समजा यादीत तुमची हजेरी ६८.३ टक्के आहे. म्हणजे १२० लेक्चरपैकी ८२. आता त्या काळात तुम्ही कॉलेजच्याच टीममधून आंतरविद्यापीठ स्पर्धेला गेला होतात, क्रीडा विभागाचं पत्र आहे, आणि तुमच्या विद्यापीठाच्या नियमात अशा दिवसांची हजेरी धरायची तरतूद आहे, तर ती ६ लेक्चर तुमच्या बाजूला यायला पाहिजेत, म्हणजे ८८. पुढे हजेरीचं मस्टर बघताना कळलं की ३ लेक्चर अशा दिवशी "झाली" दाखवलीत ज्या दिवशी कॉलेजला सुट्टी होती, तर एकूण १२० नाही ११७. आता ८८ भागिले ११७, म्हणजे ७५.२ टक्के. तुम्ही लिस्टमध्ये असायलाच नको होतात. हे असं तारखांसकट तक्त्यात मांडलं की प्राचार्यांनाही नाही म्हणणं जड जातं आणि कोर्टात गेलंच तर वकिलाला पाच मिनिटांत मुद्दा मांडता येतो.

एनएसएस, एनसीसी कॅम्प, विद्यापीठाच्या स्पर्धा, उशिरा झालेलं अॅडमिशन (तिसऱ्या कॅप राउंडला, म्हणजे केंद्रीय प्रवेशाच्या फेरीला, आलेल्या मुलाची हजेरी पहिल्या दिवसापासून मोजलीय का), दवाखान्यात दाखल होतात ते दिवस, सगळं तपासा. आजारपणाचा कागद त्या वेळी कॉलेजला दिला होता का हे फार फरक पाडतं, यादी लागल्यावर आणलेल्या सर्टिफिकेटकडे सगळेच संशयाने बघतात. आणि कृपा करून कुठल्या ओळखीच्या डॉक्टरकडून मागच्या तारखेचं सर्टिफिकेट आणू नका. खोटा कागद सापडला की बाकी सगळं खरं असलं तरी याचिका तिथेच संपते, आणि वर गुन्हा दाखल व्हायची भीती वेगळी.

बाळंतपणाचा प्रश्न असेल तर १४ डिसेंबर २०२१ चं यूजीसीचं (विद्यापीठ अनुदान आयोगाचं) पत्र जोडा, त्यात विद्यापीठांना पदवी आणि पदव्युत्तर विद्यार्थिनींसाठी प्रसूती रजेचे आणि हजेरीत सवलतीचे नियम करायला सांगितलंय. कोर्टाचे निकाल मात्र दोन्हीकडचे आहेत. दिल्ली हायकोर्टाने २०१८ मध्ये एका लॉ विद्यार्थिनीला ही सूट नाकारली होती, आणि त्याच कोर्टाने २०२३ मध्ये एमएडच्या विद्यार्थिनीचा ५९ दिवसांच्या प्रसूती रजेचा अर्ज परत विचारात घ्या असं विद्यापीठाला सांगितलं. दुसऱ्या निकालाची दिशा मला योग्य वाटते, मुलीने शिक्षण आणि मूल यातलं एक निवडावं अशी वेळ कुठल्याच नियमाने आणू नये.

निवेदन द्या, आणि त्याची पोच घ्या

हिशोब झाला की प्राचार्यांना निवेदन, त्याची एक प्रत विद्यापीठाच्या परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांना. लांबलचक विनवण्या नकोत. साधारण असं लिहा: "दिनांक अमुकच्या यादीत माझी हजेरी ६८.३ टक्के दाखवली आहे. सोबतच्या तक्त्याप्रमाणे ती ७५.२ टक्के होते. कृपया विषयवार मस्टरची प्रत द्यावी, मला प्रत्यक्ष म्हणणे मांडण्याची संधी द्यावी आणि दिनांक अमुकपर्यंत लेखी निर्णय कळवावा. तोपर्यंत माझा परीक्षा अर्ज विद्यापीठाकडे पाठवण्यात यावा." शेवटचं वाक्य विसरू नका, कारण फॉर्मच गेला नाही तर पुढे विद्यापीठ म्हणतं आमच्या सिस्टीमला हा विद्यार्थीच नाही.

हे आवक-जावकला द्यायचं आणि आपल्या प्रतीवर शिक्का, तारीख, आवक नंबर घ्यायचा. घेत नाहीत म्हणाले तर त्याच दिवशी ईमेल आणि स्पीड पोस्ट, दोन्ही. परीक्षा फॉर्मची मुदत चालू असेल तर फॉर्म भरा, लेट फी लागली तरी भरा, पोर्टल घेत नसेल तर स्क्रीनशॉट काढा ज्यात तारीख आणि वेळ दिसेल.

दुसरीकडे तक्रार निवारण समितीकडे अर्ज टाका. यूजीसीच्या २०२३ च्या विनियमांप्रमाणे प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती असायला हवी, तिने १५ कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यायचा, त्यावर समाधान झालं नाही तर १५ दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील, आणि लोकपालांनी ३० दिवसांत ते निकाली काढायचं. परीक्षा चार दिवसांवर असताना हे वेळापत्रक काही कामाचं नाही हे उघड आहे, तरी अर्ज टाकाच, कारण समोरचा वकील पहिलं वाक्य हेच बोलणार की यांच्याकडे पर्यायी मार्ग होता, तिकडे का गेले नाहीत. आमचा अर्ज पडून आहे आणि परीक्षा सोमवारी आहे, एवढं उत्तर तुमच्याकडे पाहिजे.

माहिती अधिकाराचा अर्ज १० रुपयांत होतो पण उत्तराला ३० दिवसांची मुदत, म्हणून तो सेमिस्टर संपायच्या बराच आधी टाकला तरच उपयोगी. आणि ग्राहक आयोगात (पूर्वीचा ग्राहक मंच) जाऊ नका, सुप्रीम कोर्टाने २००९ मध्ये बिहार शाळा परीक्षा मंडळाच्या आणि २०१० मध्ये महर्षी दयानंद विद्यापीठाच्या केसमध्ये स्पष्ट सांगितलंय की परीक्षा घेणारं मंडळ किंवा विद्यापीठ हे या बाबतीत ग्राहकाला सेवा देणारं दुकान नाही.

कोर्ट कुठे ऐकतं आणि कुठे नाही

इथे थोडं थांबून वाचा, कारण पोरांच्या डोक्यात सगळ्यात जास्त गोंधळ इथेच असतो.

नियमच अन्यायकारक आहे, ७५ टक्के जास्त आहेत, असं म्हणून गेलात तर बहुतेक वेळा हात हलवत परत याल. १९८४ चा परितोष शेठ यांचा निकाल आपल्याच महाराष्ट्र बोर्डाचा आहे. पेपर बघायला आणि परत तपासायला मिळावा म्हणून मुलं गेली होती, मुंबई हायकोर्टाने त्यांच्या बाजूने दिलं आणि सुप्रीम कोर्टाने ते फिरवलं, आणि सांगितलं की शैक्षणिक संस्थांनी अधिकारात राहून केलेल्या नियमांचं शहाणपण कोर्टाने तपासत बसू नये. चाळीस वर्षं झाली तरी विद्यापीठाचा वकील आजही हा निकाल काढतो.

अधिकारच नव्हता असं दाखवता आलं तर मात्र चित्र बदलतं. २०२० मधलं आठवत असेल, कोविडमध्ये आपल्या राज्य सरकारने अंतिम वर्षाची परीक्षा न घेता डिग्री द्यायचं ठरवलं होतं आणि यूजीसी म्हणत होती की परीक्षा घ्याच. युवासेनेसकट अनेकांच्या याचिका होत्या. २८ ऑगस्ट २०२० ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की राज्य परीक्षा पुढे ढकलू शकतं, त्यासाठी यूजीसीकडून मुदत वाढवून घेऊ शकतं, पण परीक्षेशिवाय पास करू शकत नाही. कोण काय ठरवू शकतो याची उतरंड कोर्ट किती काटेकोरपणे बघतं ते यातून कळतं, आणि तीच उतरंड कॉलेजच्या मनमानी नोटिशीविरुद्ध तुम्हालाही वापरता येते.

मग विद्यापीठाचीच चूक असलेली प्रकरणं. कुरुक्षेत्र विद्यापीठाची १९७५ ची केस वकिलांच्या तोंडात कायम असते. लॉच्या विद्यार्थ्याची हजेरी कमी होती, तरी विद्यापीठाने परीक्षेला बसू दिलं आणि नंतर उमेदवारी रद्द केली. सुप्रीम कोर्ट म्हणालं, फॉर्म तपासायची जबाबदारी विभागप्रमुखाची आणि विद्यापीठाची होती, विद्यार्थ्याने काही फसवलं नव्हतं, आता एकदा बसू दिल्यावर मागे जाता येणार नाही. म्हणजे परीक्षा दिल्यावर निकाल अडवला असेल तर तुमची बाजू परीक्षेआधी अडवलेल्या मुलापेक्षा पुष्कळ मजबूत. पण वर सांगितलेल्या २०१० च्या महर्षी दयानंद विद्यापीठाच्या केसमध्ये, जिथे विद्यार्थिनीने नियमाविरुद्ध एकाच वेळी दोन कोर्स केले होते, तिथे कोर्टाने हा फायदा दिला नाही, कायद्याने जे करायला मनाई आहे ते विद्यापीठाच्या ढिलाईमुळे चालेल असं होत नाही. तुमची केस या दोघांपैकी कुणाच्या जवळ जाते हे वकिलाला सरळ विचारा.

एटीकेटीवाल्यांसाठी एक मुद्दा. पुनर्मूल्यांकनाचा निकाल विद्यापीठाने वेळेत लावला नाही आणि त्यामुळे तुम्ही पुढच्या वर्षाला अपात्र ठरताय, तर ही विद्यापीठाची दिरंगाई आहे, नियमाशी भांडण नाहीच, आणि हा मुद्दा कोर्टाला लवकर पटतो. रिव्हॅल्युएशनच्या फॉर्मची तारीख आणि पावती जपून ठेवा.

लॉवाल्यांना आता एक नवीन निकाल माहीत असायला हवा. २०१६ मध्ये दिल्लीतल्या एका लॉ विद्यार्थ्याने हजेरीवरून परीक्षेला बसू न दिल्यावर आत्महत्या केली होती, ते प्रकरण पुढे दिल्ली हायकोर्टात चाललं आणि ३ नोव्हेंबर २०२५ ला कोर्टाने सांगितलं की हजेरी कमी म्हणून लॉच्या विद्यार्थ्याला परीक्षेला बसण्यापासून अडवू नये, फार तर मार्कांत ५ टक्के किंवा सीजीपीएमध्ये ०.३३ पर्यंत कपात करता येईल, आणि कॉलेजांनी दर आठवड्याला हजेरी जाहीर करावी, पालकांना दर महिन्याला कळवावं. एका मुलाचा जीव गेल्यावर हे झालं याचं फार वाईट वाटतं. पण हा निकाल दिल्लीचा आहे, मुंबई हायकोर्टावर तो बंधनकारक नाही, दाखवता येतो आणि दाखवावाच, फक्त तो आज कायम आहे का, वर कुठे स्थगिती आहे का हे वकिलाकडून तपासून घेतल्याशिवाय त्याच्या भरवशावर लेक्चर बुडवू नका.

याचिका: कुठे, कुणाविरुद्ध, काय मागायचं

मार्ग म्हणजे संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली हायकोर्टात रिट याचिका, म्हणजे सरकारी किंवा सार्वजनिक काम करणाऱ्या संस्थेने कायद्याप्रमाणे वागावं असा आदेश मागणारा अर्ज. विदर्भातले असाल तर नागपूर खंडपीठ, मराठवाडा आणि जळगाव, धुळे, नंदुरबार, अहिल्यानगर यांना छत्रपती संभाजीनगरचं, गोवा विद्यापीठासाठी गोव्याचं. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच मिळालंय, मुंबईची रात्रीची गाडी पकडायची गरज उरली नाही. पुणे, नाशिक, ठाणे, कोकणातला बाकी भाग मुंबईलाच.

प्रतिवादी कोण घालायचे यात चुकू नका: विद्यापीठ कुलसचिवांमार्फत, परीक्षा मंडळाचे संचालक, कॉलेज प्राचार्यांमार्फत, राज्य शासन, आणि नियम बार कौन्सिलचा किंवा यूजीसीचा असेल तर ते पण. कॉलेज खासगी विनाअनुदानित आहे म्हणून रिट चालत नाही असा आक्षेप येऊ शकतो, विद्यापीठ पार्टी असलं आणि परीक्षा विद्यापीठाची असली की त्याला उत्तर देणं सोपं जातं.

वकिलाकडे जाताना सोबत न्या: मागची सगळी मार्कशीट, फी पावती, परीक्षा फॉर्म, डिफॉल्टर यादी, तुमचा हजेरीचा तक्ता, निवेदन आणि पोच, विद्यापीठाचा अध्यादेश, परीक्षेचं वेळापत्रक. आणि तुमच्या विरोधात जाणारं सगळं सांगा. प्रवेशावेळी हजेरीचं अंडरटेकिंग (हमीपत्र) सही केलं होतं, वॉर्निंगचे मेसेज आले होते, एक्स्ट्रा लेक्चरला बोलावलं तेव्हा गेला नाहीत, हे वकिलाला समोरच्याच्या उत्तरातून कळलं तर सुनावणीतच घात होतो.

पैशांची अडचण असेल तर हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे जा, १९८७ च्या कायद्याप्रमाणे महिला, अनुसूचित जाती-जमातीचे आणि दिव्यांग यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, बाकीच्यांना महाराष्ट्रात वार्षिक ३ लाखांच्या आत उत्पन्न असेल तर. मुलींना हे कुणी सांगतच नाही, म्हणून मुद्दाम लिहिलं. स्वतः उभं राहून केस चालवता येते, पण त्याची आधी छाननी होते आणि त्यात दिवस जातात, परीक्षेच्या तोंडावर तो रस्ता मी सुचवणार नाही.

मागणी दोन पातळ्यांवर. मुख्य मागणी म्हणजे अपात्र ठरवणारा निर्णय रद्द करा. अंतरिम मागणी म्हणजे याचिकेचा निकाल लागेपर्यंत तात्पुरतं परीक्षेला बसू द्या, हवं तर निकाल सीलबंद ठेवा. आणि मला कायम वाटतं की तिसरी एक मधली मागणी पण टाकावी: निदान माझ्या निवेदनावर, मला ऐकून, परीक्षेआधी कारणांसह लेखी निर्णय द्या. कोर्टाला हे द्यायला अवघड जात नाही आणि कधीकधी तेवढ्यानेच काम होतं.

याचिका दाखल झाली की आधी स्टँप नंबर किंवा लॉजिंग नंबर, म्हणजे तात्पुरता नोंदणी नंबर, मिळतो, ऑफिस ऑब्जेक्शन (कागदांतल्या त्रुटी) निघतात, ती काढावी लागतात, मग वकील तातडीची म्हणून मेन्शन करून, म्हणजे कोर्टापुढे तोंडी विनंती करून, तारीख घेतो. परीक्षा मे महिन्यात असेल तर उन्हाळी सुट्टीतलं व्हेकेशन कोर्ट तातडीची प्रकरणं घेतं. तरीही पेपरच्या आदल्या दिवशी पोचू नका. यादी तीन आठवडे आधी लागली होती मग आत्ता का आलात, या प्रश्नाला फार कमी जणांकडे उत्तर असतं.

अंतरिम आदेश मिळाला म्हणजे जिंकलात असं नाही

स्टे मिळाला की ग्रुपवर पेढ्यांचे फोटो पडतात, पण सुप्रीम कोर्टाने १९९३ च्या गुरू नानक देव विद्यापीठाच्या आणि १९९८ च्या सीबीएसईच्या केसमध्ये अपात्र मुलांना सहानुभूतीपोटी अंतरिम आदेशाने परीक्षेला बसवण्याच्या प्रकारावर नाराजी व्यक्त केलीय. तुम्ही पेपर देता, पास पण होता, आणि वर्षभराने याचिका फेटाळली तर तो निकाल हातातून जाऊ शकतो. परीक्षा दिली, आता मला हक्क मिळाला, असा युक्तिवाद करू नका, अंतरिम आदेशातच बहुतेक वेळा लिहिलेलं असतं की यातून कुठलाही हक्क निर्माण होणार नाही.

म्हणून आदेश हातात आल्यावरचं काम: त्याची प्रत त्याच दिवशी कॉलेज आणि विद्यापीठ दोन्हीकडे पोच घेऊन द्या, हॉल तिकीट सिस्टीममधून निघत नसेल तर परीक्षा विभागाकडून बसायची लेखी परवानगी घ्या, प्रत्येक पेपरला आदेशाची झेरॉक्स जवळ ठेवा, उत्तरपत्रिकेवर नंबर नीट टाका. पुढच्या सेमिस्टरला मात्र हजेरीत कुणाला बोट ठेवायला जागा देऊ नका, अंतिम सुनावणीला तो रेकॉर्ड समोर येतो. आणि निकाल लागला म्हणून याचिका वाऱ्यावर सोडू नका, ती रीतसर निकाली काढून त्यात निकाल जाहीर करायचा, पुढच्या वर्षाला प्रवेश द्यायचा आदेश मिळवा, नाहीतर डिग्रीच्या वेळी तीच फाईल परत आडवी येते.

दिलासा नाही मिळाला तर त्याच आठवड्यात कॉलेजकडून लेखी घ्या की सेमिस्टर परत कधी करता येईल, कोणते विषय, इंटर्नलचे मार्क धरणार का, आणि महाडीबीटीची स्कॉलरशिप असेल तर खंड पडल्यावर तिचं काय. घरच्यांना हे तुम्हीच सांगा, बाहेरून कळू देऊ नका. मित्र गप्प झाला असेल, खोलीबाहेर येत नसेल तर त्याला एकटं सोडू नका, टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ नंबर चोवीस तास चालू असतो, फोन फुकट आहे आणि मराठीत बोलता येतं.